बाहेरची वेठ गेली, घरातली कधी जाणार?

(८ मार्च २००८ रोजी एरंडोल इथं झालेल्या महिला मेळाव्यात संघटनेच्या एका तरुण कार्यकर्तीनं केलेलं भाषण. ज्या गावांना मेळाव्याला येता आलं नाही त्यांच्यासाठी छापत आहोत. गावबैठकीत एकानं मोठ्यानं वाचावं, बाकीच्यांनी ऐकावं आणि मग चर्चा करावी.)



माझ्या आयांनो, बहिणींनो, आणि तिकडं मागं झाडाखाली सावली धरून बसलेल्या बाबा आणि भाऊ लोकांनो,

चोपडा-यावलच्या डोंगरातल्या बाया पहाटेच्या एस्टीनं आल्या. शिरपूर-साक्रीकडचे काल रात्रीच निघाले. इथल्या आसपासच्या भिलाटीतल्या बाया तर आजची मजुरी बुडवून आल्या आहेत. म्हणून मी उगाच लांबवणार नाही. मला एका बाईची गोष्ट सांगायची आहे आणि एक काम सांगायचं आहे. गोष्ट विसरलात तरी चालेल. काम विसरू नका.

आपण बसलो आहोत ते एरंडोल. इथली जुनी माणसं सांगतात, ही पांडवांच्या वेळची एकचक्रानगरी. इथून जवळ, पद्मालयाच्या जंगलात बकासुर राहायचा. त्याला गावानं पाळीपाळीनं गाडाभर अन्न, गाड्याचे बैल आणि गाडा हाकणारा माणूस द्यायचा. शेवटी भीमानं बकासुराला मारलं आणि गाव सुटलं. ही गोष्ट आपण लहानपणापासून ऐकतो. मी एकदा माझ्या आजीला विचारलं, आजी, एवढ्या गाडाभर भाकरी कोण थापत होतं? आजी हसली. म्हणाली, बाई, ते गोष्टीत नसतं.

आजचं माझं बोलणं एवढ्यावरच आहे. जे गोष्टीत नसतं, ते कागदावरही नसतं. आणि जे कागदावर नसतं, ते सरकारच्या लेखी नसतंच.

आता त्या बाईची गोष्ट. तिचं नाव गोदावरी परुळेकर. लोक त्यांना गोदूताई म्हणायचे. जन्म १४ ऑगस्ट १९०७, पुण्यात, गोखल्यांच्या घरात. म्हणजे हे त्यांच्या जन्मशताब्दीचं वर्ष चालू आहे. शहरात कुठं कुठं सभा झाल्या असतील. आपल्या जंगलातल्या गावांत पण त्यांचं नाव घेतलं पाहिजे, कारण त्यांनी आयुष्य काढलं ते आपल्यासारख्या लोकांत. ठाणे जिल्ह्यातल्या वारली आदिवासींत.

गोदूताईंचे वडील वकील. घरात पैसा, शिक्षण, मान, सगळं होतं. त्या काळात पोरींना चार बुकं शिकवायला लोक तयार नव्हते, आणि या बाईनं कॉलेज केलं, मग वकिलीचं शिक्षण पुरं केलं. महाराष्ट्रात कायद्याची पदवी घेणारी पहिली बाई म्हणून त्यांचं नाव सांगतात. मनात आणलं असतं तर काळा कोट घालून कोर्टात उभ्या राहिल्या असत्या आणि बंगला बांधला असता. पण स्वातंत्र्याच्या चळवळीत उतरल्या, १९३२ साली तुरुंगात गेल्या. हे घरी पटलं नाही. मग त्या घर सोडून मुंबईला गेल्या आणि भारत सेवक समाज नावाच्या संस्थेत काम करू लागल्या. त्या संस्थेच्या पहिल्या बाई आजीव सभासद त्याच.

मुंबईत त्यांनी काय केलं ते आपण बायांनी नीट ऐकायचं आहे. लोकांच्या घरी भांडी घासणाऱ्या, धुणं धुणाऱ्या, स्वयंपाक करणाऱ्या माणसांना त्यांनी एकत्र केलं. सालं १९३८-३९ ची. त्या वेळी घरकामाला कुणी काम म्हणत नव्हतं. गिरणीतला माणूस कामगार, गोदीतला माणूस कामगार. आणि दुसऱ्याच्या घरी मरमर करणारी बाई कोण? मोलकरीण. तिला सुट्टी नाही, रजा नाही, उद्यापासून येऊ नको म्हटलं की संपलं. गोदूताई म्हणाल्या, हेही कामगारच. यांचीही संघटना पाहिजे. आज सत्तर वर्षं होत आली, तरी आपल्या पोरी नाशिक-सुरतेला घरकामाला जातात तेव्हा त्यांच्या कामाला नीट काम म्हणत नाहीत. त्या बाईनं हे तेव्हा ओळखलं होतं.

१९३९ साली त्यांनी शामराव परुळेकरांशी लग्न केलं. ते शेतकऱ्यांत काम करायचे. दोघं कम्युनिस्ट पक्षात गेले, दोघं तुरुंगात गेले. सुटून आल्यावर शेतकऱ्यांची किसान सभा बांधू लागले. जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याला किसान सभेची परिषद झाली. तिथं मूठभर वारली आदिवासी आले होते. त्यांनी आपली हकिकत सांगितली, आणि गोदूताई त्यांच्या मागं त्यांच्या पाड्यांवर गेल्या.

आता त्यांनी तिथं काय पाहिलं ते सांगते. आपल्यातल्या म्हाताऱ्यांना ते ओळखीचं वाटेल.

डहाणू आणि उंबरगाव तालुक्यांतली जमीन एके काळी वारल्यांचीच. ती सावकारांनी आणि जमीनदारांनी खाल्ली. मग त्याच जमिनीवर वारली कूळ झाला. जमीनदाराच्या शेतावर आधी फुकट राबायचं, मग उरलेल्या वेळात स्वतःचं पोट भरायचं. या फुकट राबण्याला म्हणतात वेठ. वेठीला नाही म्हटलं की चाबूक.

दुसरी रीत होती लग्नगड्याची. वारली पोरगा लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे उचलायचा. ते फिटायचेच नाहीत. मग तो जन्मभर त्या सावकाराचा गडी. आणि तो एकटा नाही, लग्न करून आणलेली बायकोपण. तिनं मालकाच्या गोठ्यात, अंगणात, शेतात राबायचं. कर्जाच्या कागदावर अंगठा नवऱ्याचा आणि राबणूक दोघांची. वर मालकाची नजर त्या बाईवर गेली तर नवऱ्यानं तोंड उघडायचं नाही. बायांच्या अब्रूला तिथं किंमत नव्हती. हे गोदूताईंनी आपल्या पुस्तकात स्पष्ट लिहून ठेवलं आहे, झाकलं नाही.

आपल्या खानदेशात लग्नगडी हा शब्द नव्हता. आपल्याकडं सालदार होता आणि आहे. आखाजीला साल ठरतं. उचल घेतो बाप्या. मालकाच्या गोठ्यातलं शेण काढायला सालदाराची बायको जाते, ती हिशोबात नसते. शब्द बदलतो, शेण तेच असतं.

२३ मे १९४५ ला झरी गावात वारल्यांची मोठी परिषद झाली. झरी आज तलासरी तालुक्यात आहे. हजारो आदिवासी आले. तिथं लोकांनी ठरवलं, वेठ करायची नाही. जमीनदाराच्या खासगी शेतावर मजुरी घेतल्याशिवाय राबायचं नाही. दिवसाला बारा आण्यांपेक्षा कमी घ्यायचं नाही. आणि एकजूट मोडायची नाही. आज बारा आणे ऐकून हसू येतं. पण ज्याला काहीच मिळत नव्हतं, त्यानं तोंड वर करून आकडा सांगणं ही केवढी गोष्ट! मग लोक गावोगाव गेले आणि लग्नगडी मोकळे केले. किती पिढ्यांची गुलामी काही आठवड्यांत तुटली.

जमीनदार गप्प बसणार नव्हतेच. पावसाळा सरल्यावर गवत कापणीच्या मजुरीसाठी संप सुरू झाला. १० ऑक्टोबर १९४५ ला तलवाड्याला जमलेल्या आदिवासींवर पोलिसांनी गोळ्या घातल्या. पाच जण मेले. त्यातलं एक नाव जेठ्या गांगड. लोक तरी पळाले नाहीत, संप मोडला नाही. पुढं गोदूताईंना सरकारनं ठाणे जिल्ह्यातून तडीपार केलं. तरी लढा चालू राहिला. का राहिला? कारण तो बाईंच्या एकटीच्या जिवावर नव्हता. लोक जागे झाले होते.

त्यांनी या सगळ्यावर पुस्तक लिहिलं, ‘जेव्हा माणूस जागा होतो’. १९७० साली आलं. १९७२ साली त्याला साहित्य अकादमीचं बक्षीस मिळालं. आपल्या संघटनेच्या पेटीत त्याची एक प्रत आहे, पानं सुटी झालेली. मी बारावीनंतर घरी बसले होते तेव्हा ती वाचली. रात्री दिव्याखाली आईला मोठ्यानं वाचून दाखवायचे. आई मध्येच म्हणायची, हे तर आपलंच आहे.

पुढचंही थोडक्यात सांगते. शामराव १९६५ साली कैदेत असतानाच वारले. गोदूताई थांबल्या नाहीत. १९८६ साली त्या अखिल भारतीय किसान सभेच्या अध्यक्ष झाल्या. सगळ्या देशातल्या शेतकऱ्यांच्या संघटनेच्या अध्यक्षपदी बाई! ८ ऑक्टोबर १९९६ ला त्या गेल्या. म्हणजे १९३२ सालापासून धरलं तर साठ वर्षांपेक्षा जास्त काळ त्या बाईनं एकच काम केलं. जो राबतो त्याला त्याचं मिळालं पाहिजे, मग तो बाप्या असो की बाई.

इथपर्यंत गोष्ट झाली. आता काम.

वेठ म्हणजे काय हे आपण पाहिलं. दुसऱ्याच्या नावावरच्या जमिनीत, मोबदला न घेता, आपलं नाव कुठंही न लागता राबायचं, ती वेठ. बरोबर? मग मला सांगा, आपल्या जंगलातल्या खेडलेल्या जमिनीत पेरणीला कोण असतं? निंदणीला कोण असतं? ज्वारी कापायला, कापूस वेचायला, रानडुकरं हाकायला माळ्यावर रात्री कोण जागतं? मोहफुलं, डिंक, चारोळी कोण गोळा करतं? आणि ती जमीन कुणाची म्हणतात? बाप्याची. त्याच्या बापाची. उद्या त्याच्या पोराची. मग आपण बाया तिथं काय करतो? मी म्हणते, वेठ करतो. मालक बाहेरचा नाही, घरातला आहे, तो मारत नसेल, चांगला असेल, पण आपलं नाव कागदावर नाही म्हणजे नाही.

भाऊ लोकांनो, राग मानू नका. मी तुम्हाला सावकार म्हणत नाही. आधी माझीच चूक सांगते, मग तुम्हाला बोलते.

यंदा १ जानेवारीला वनहक्क कायद्याचे नियम लागू झाले. आमच्या गावात संघटनेनं ठरवलं, कोण कोण जमीन खेडतंय त्याची कच्ची यादी करायची. गावात बारावी झालेली मी. वही माझ्या हातात. दोन दिवस घरोघर फिरून यादी केली. तिसऱ्या दिवशी बैठकीत वाचून दाखवली. एकेचाळीस नावं. वाचून झाल्यावर कोपऱ्यातून एक म्हातारी आजी म्हणाली, पोरी, या गावात बाया राहत नाहीत का?

मी वहीत पाहिलं. एकेचाळीसच्या एकेचाळीस बाप्ये. माझ्या घराच्या ओळीला मी माझ्या काकाचं नाव लिहिलं होतं. माझी आई पंधरा वर्षं ती जमीन एकटी करते, आणि मी, तिची पोरगी, गोदूताईंचं पुस्तक वाचलेली, भाषणं करणारी, मी माझ्या हातानं काकाचं नाव लिहिलं. कुणी जबरदस्ती केली नव्हती. हात आपोआप तसाच चालला.

का चालला ते सांगते. माझा बाप मी लहान असताना साप चावून मेला. बाईनं नांगराला हात लावायचा नाही ही आपल्यातली रीत. म्हणून नांगरटीचे चार दिवस काका यायचा. बाकी वर्षभर आई. दंडाची पावती फाडायला माणूस आला की विचारायचा, जमीन कुणाची? तिथं उभा असलेला बाप्या काका. पावतीवर नाव काकाचं. दंड भरला आईनं, कोंबड्या आणि एक बकरी विकून. आज तीच पावती पुरावा म्हणून लावायची आहे. म्हणजे दंड भरणारी आई आणि पुरावा काकाचा! काका माणूस वाईट नाही. तो स्वतः म्हणतो, जमीन वहिनीची आहे. पण काका आज आहे, उद्या त्याचे पोरं असतील. पोरं काय म्हणतील ते कुणी सांगावं?

म्हणून आता कायदा काय सांगतो ते नीट ऐका. ज्यांना लिहिता येतं त्यांनी लिहून घ्या.

एक. वनहक्क कायदा २००६ चा आहे. १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून आपण जी जंगलजमीन खेडतो, ती ताब्यात असेल तेवढी, जास्तीत जास्त चार हेक्टरपर्यंत आपल्याला मिळू शकते. त्याच्या कलम ४ मध्ये लिहिलं आहे की लग्न झालेलं जोडपं असेल तर हक्काची नोंद नवरा आणि बायको दोघांच्या नावानं एकत्र व्हायची. ही कुणाची मेहेरबानी नाही. नवरा तयार असेल तर, असंही लिहिलेलं नाही. दोघांच्या नावानं म्हणजे दोघांच्या नावानं.

दोन. घर एकटं माणूस चालवत असेल तर त्या एकट्याच्या नावानं नोंद होते. ते एकटं माणूस बाई असू शकते. विधवा, टाकलेली, लग्न न केलेली. माझ्या आईचं नाव काकाशिवाय लागू शकतं. मी यादीत खाडाखोड केली आणि तिचं नाव लिहिलं.

तीन. ही जमीन वारसाला मिळते, पण विकता येत नाही, दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. काही बाबा लोक म्हणतात, बाईचं नाव लावलं तर ती माहेरच्यांना जमीन देऊन टाकेल. बाबा, देताच येत नाही. बाईलाही नाही आणि बाप्यालाही नाही. दारूच्या उधारीत कुणाला लिहून देता येत नाही, हा त्यातला सगळ्यांत मोठा फायदा आहे. तो कुणाचा फायदा आहे ते आपल्या घरातल्या बाईला विचारा.

चार. दाव्याच्या अर्जात दावेदाराच्या नावाखाली जोडीदाराच्या नावाची वेगळी जागा आहे. ती मोकळी ठेवून कुणी अर्ज देऊ नये. आणि तिथं बाईचं स्वतःचं नाव लिहा. अमक्याची बायको, तमक्याची आई असं नको. रेशनकार्डावर, मतदार यादीत जसं आहे तसंच लिहा. एका कागदावर शेवंती आणि दुसऱ्यावर शेवंताबाई असेल तर पुढं अडवतील.

पाच. पुरावा फक्त पावतीचा नाही. गावातल्या म्हाताऱ्या माणसांचा लेखी घेतलेला जबाबही पुरावा म्हणून चालतो. तो दावा करणाऱ्या घरातला नको, दुसऱ्याचा पाहिजे. एकापेक्षा जास्त पुरावे लावा. आणि म्हातारे म्हणजे फक्त म्हातारे बाबा नाहीत. म्हाताऱ्या आज्यांचे जबाब घ्या. कोणतं शेत कुणी पहिल्यांदा साफ केलं, कुठं कुणाचं बाळंतपण झालं, कोणत्या दुष्काळात कुठले कंद खाल्ले, हे आज्यांना बाबांपेक्षा जास्त आठवतं. एवढंच की त्यांना कुणी विचारत नाही.

सहा. वनहक्क समिती दहा ते पंधरा जणांची. ती ग्रामसभेनं निवडायची. तिच्यात कमीत कमी एक तृतीयांश बाया पाहिजेत. म्हणजे पंधरा असतील तर पाच. आणि त्या पाच जणी सही करायला नाही, मोजणीला शेतात गेल्या पाहिजेत.

सात. २००८ च्या नियमांप्रमाणे ग्रामसभेला गावातल्या दोन तृतीयांश लोकांची हजेरी लागते. आता हिशोब करा. गावात तीनशे मतदार असतील तर दोनशे हजर पाहिजेत. गावातले सगळेच्या सगळे बाप्ये आले, एक पण घरी राहिला नाही, तरी दीडशे होतात. बाया आल्याशिवाय ग्रामसभाच होत नाही. कायद्यानं पहिल्यांदा आपल्या हातात एवढं वजन दिलं आहे. कोऱ्या कागदावर घरबसल्या अंगठे देऊन ते घालवू नका.

आता कुणी म्हणेल, पोरी, बाकी समाजात बायांना बापाच्या जमिनीत वाटा मिळायला लागला, तो कायदा आहेच की. महाराष्ट्रात १९९४ साली आणि सगळ्या देशात २००५ साली हिंदू वारसा कायद्यात मुलीला मुलाइतका हक्क दिला हे खरं. पण तो कायदा आपल्या अनुसूचित जमातींना लागू नाही. त्याच्या दुसऱ्या कलमातच तसं लिहिलं आहे. केंद्र सरकारनं वेगळं जाहीर केलं तरच लागू होतो. आपल्याकडं रीत चालते, आणि रीत काय म्हणते ते आपल्याला माहीत आहे. म्हणून आदिवासी बाईला जमिनीच्या कागदावर नाव लागण्याची ही वनहक्काची वाट मोठी आहे. आज चुकली तर पोरीच्या पिढीला परत तिथूनच सुरुवात करावी लागेल.

एक अवघड गोष्ट बोलते. बाहेरच्या माणसासमोर आपण ती बोलत नाही, पण इथं आपलीच माणसं आहेत. डोंगरातल्या गावांत अजून बाईला डाकीण ठरवतात. कुणाचं पोर आजारी पडलं, कुणाचं बैल मेलं, की बोट कुणाकडं जातं? बहुतेक वेळा एकट्या बाईकडं. विधवेकडं. तिला मारतात, गावातून काढतात. मग तिची जमीन कोण खेडतं, ते पुढच्या पावसाळ्यात जाऊन बघा. सगळ्या ठिकाणी असंच असतं असं मी म्हणत नाही. पण जिथं असतं तिथं डाकीण बाईत नसते, जमिनीत असते. आपण सावकाराचा बकासुर ओळखला, हा आपल्या घरात बसलेला ओळखला पाहिजे. संघटनेच्या गावात हे चालू दिलं तर आपण जंगलाच्या हक्काचं नाव घेऊ नये.

आमच्याच संघटनेतले काही भाऊ मला म्हणतात, आधी जमीन तर मिळू दे, बायांचं नंतर बघू. त्यांचं म्हणणं मी समजू शकते. एवढी वर्षं मार खाल्ला, पिकात गुरं घातली गेली, झोपड्या मोडल्या, आता कुठं दार उघडलंय, त्यात घरात भांडण नको असं त्यांना वाटतं. पण भाऊ, कागद एकदाच लिहिला जातो. आज एकाचं नाव लागलं तर नंतर दुसरं लावायला त्याच कचेरीच्या पायऱ्या परत चढाव्या लागतील, आणि तेव्हा बाईच्या सोबत कुणी येणार नाही. झरीला लोकांनी असं म्हटलं असतं की आधी मजुरी घेऊ, लग्नगडी नंतर सोडवू, तर ते लग्नगडी सुटले असते का?

आणि आपल्या खानदेशातपण हे नवीन नाही. १९७२ च्या सुमारास शहाद्याकडं अंबरसिंग महाराज आणि श्रमिक संघटनेबरोबर भिल्ल लोक जमिनीसाठी, सालदारांसाठी उभे राहिले. तिथल्या बाया सभेला यायला लागल्या. आणि यायला लागल्यावर त्यांनी काय काढलं? दारू. गावागावात जाऊन भट्ट्यांवरची मडकी फोडली. नवऱ्याच्या मारापासून सुरुवात केली. तेव्हाही कुणी म्हणालं असेल, हे घरातलं आहे, नंतर बघू. त्या थांबल्या नाहीत आणि लढा त्यामुळं मोडला नाही, वाढला. आपल्यातल्या काही आज्यांनी त्या वेळी मडकी फोडली आहेत. त्या आज इथं बसल्या आहेत.

गोदूताईंबद्दल एक शेवटचं. त्या आपल्यातल्या नव्हत्या. शहरातल्या, मोठ्या जातीतल्या, शिकलेल्या. आदिवासींना जागं करायला बाहेरून माणूस यावं लागतं का, असं मला कुणीकुणी विचारतं. मला वाटतं, त्या आल्या हे चांगलं झालं. पण त्या स्वतःच सांगून गेल्या की जागा होतो तो माणूस स्वतः होतो. त्यांनी पुस्तकाचं नाव तेच ठेवलं. आज आपल्या वस्तीत दहावी-बारावी झालेल्या पोरी आहेत. वही आपल्या हातात आहे. आता बाहेरच्या बाईची वाट बघायची गरज नाही. पण वही हातात आल्यावर हात कुठं जातो याच्यावर लक्ष ठेवायची गरज आहे. माझा हात चुकला होता, म्हणून सांगते.

तर काम असं. घरी गेल्यावर पहिल्या गावबैठकीत यादी परत वाचायची. प्रत्येक ओळीला विचारायचं, या घरातली बाई कोण? तिचं नाव लिहायचं. एकटी बाई असेल तर तिची ओळ वेगळी करायची. तिच्या दिराला, भावाला विचारून नाही, तिला विचारून. समितीत बाया किती ते मोजायचं. दोन आज्यांचे जबाब लिहून घ्यायचे. ग्रामसभेनं दावे मागवले की तीन महिन्यांची मुदत असते, ती निघून जाऊ द्यायची नाही. ज्या गावात लिहिणारं कुणी नाही त्यांनी संघटनेला निरोप द्या. मी येईन, माझ्यासारख्या अजून चारपाच पोरी आहेत, त्या येतील. भाकरी द्या, बाकी काही नको.

आमच्या यादीत आता एकेचाळीस ओळींना नावं ब्याऐंशी होतील असं मला वाटलं होतं. तेवढी नाही झाली. अठ्ठ्याहत्तर झाली. चार घरं एकट्या बायांची निघाली, माझ्या आईचं धरून. त्यांच्या ओळीत एकच नाव आहे, आणि ते त्यांचं आहे. त्या रात्री आईला मी तिचं नाव वाचून दाखवलं. तिला वाचता येत नाही. तिनं त्या ओळीवर बोट ठेवलं आणि विचारलं, हेच का मी?

हो माय, हीच तू.

जोहार. जिंदाबाद.